आठवणी साठवणारा डोंगर : जबल फाया

२०२५ चा जुलै महिना. बाहेर पंचेचाळीस डिग्री, शाळांना सुट्टी लागलेली आणि आमची निम्मी बिल्डिंग भारतात गेलेली. अशा एका शुक्रवारी रात्री मंडळाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एकदम फटाके फुटायला लागले. भगवे झेंडे काय, तुतारीचे व्हिडिओ काय, विचारू नका! बातमीच तशी होती. पॅरिसला भरलेल्या युनेस्कोच्या बैठकीत आपल्या बारा किल्ल्यांना जागतिक वारशाचा मान मिळाला होता. त्यातले अकरा महाराष्ट्रातले आणि बारावा तामिळनाडूतला जिंजी. यादीत शिवनेरी होता आणि मी जुन्नर तालुक्यातला. मग काय, जणू मीच किल्ला बांधला होता अशा थाटात मी सगळ्यांच्या शुभेच्छा स्वीकारल्या. सौ.ने त्या उकाड्यात शिरा केला.

साडेअकराच्या सुमारास पुण्याहून मुलीचा मेसेज आला. "बाबा, अभिनंदन! तुमचा किल्ला आणि माझा डोंगर एकाच वर्षी पास झाले."

माझा डोंगर? मला काही कळेना. दुसऱ्या दिवशी सकाळी बातम्या नीट वाचल्या तेव्हा उलगडा झाला. युनेस्कोच्या त्याच बैठकीत आपल्या शारजातल्या फायाच्या परिसराचीही जागतिक वारसा यादीत नोंद झाली होती. यूएईतले हे दुसरे स्थळ. पहिला मान २०११ साली अल ऐनला मिळाला होता. गंमत म्हणजे आमच्या ग्रुपवर त्याबद्दल एक ओळसुद्धा नव्हती. आम्ही सगळे राहतो इथे, आणि इथल्या बातमीचा आम्हाला पत्ताच नाही!

पण मुलीचा मेसेज माझ्या मनातून जाईना, कारण त्यामागे एक जुनी गोष्ट होती. ती आधी सांगतो.

मुलगी इथलीच, म्हणजे शारजात २००१ साली जन्मलेली. २०११ च्या सुरुवातीला ती चौथीत होती. शाळेत "माझे गाव" असे चित्र काढून आणायला सांगितले होते. तिने एक लांबट, करवतीच्या पात्यासारखा डोंगर काढला, पुढे वाळू, वाळूत एक उंट आणि आमची पांढरी गाडी. मी विचारले, "हे काय?" ती म्हणाली, "मलीहाचा डोंगर. आपण पिकनिकला जातो तो." मी खोडरबर घेतले आणि चित्र पुसले. "हे आपलं गाव नाही, बाळा. आपलं गाव जुन्नर," असे म्हणून मी स्वतः शिवनेरी काढून दिला. कड्याखाली दोन झाडेही काढली. ती काही बोलली नाही. रंग मात्र मलाच भरावे लागले.

त्या वेळी माझे ठाम मत होते की इथे इतिहास नाही. "इथे काय आहे? वाळू आणि मॉल!" हे वाक्य मी भारतातून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला ऐकवत असे. आणि गंमत पाहा, ज्या महिन्यात मी ते चित्र पुसले त्याच महिन्यात, म्हणजे जानेवारी २०११ मध्ये, त्याच डोंगराच्या पायथ्याशी सापडलेल्या सव्वा लाख वर्षांपूर्वीच्या दगडी हत्यारांवरचा शोधनिबंध 'सायन्स' या नियतकालिकात प्रसिद्ध झाला होता. इथल्या वर्तमानपत्रांतही ती बातमी होती. आमच्या घरी पेपर येत असे. मी तो वाचत असे क्रिकेटसाठी.

आता माझ्या धंद्याबद्दल थोडे सांगायला हवे, नाहीतर पुढचे कळणार नाही. मी १९९८ साली इथे आलो तो माती परीक्षण करणाऱ्या एका कंपनीत. टॉवर उभा राहण्याआधी जमिनीत भोक पाडून खालचे थर तपासायचे, हे आमचे काम. शारजा, दुबई, अजमानच्या पोटात मी किती बोअर मारले असतील याची गणतीच नाही. वर भराव, मग मोकळी वाळू, मग शिंपल्यांचा चुरा मिसळलेली वाळू, खाली मऊसर वालुकाश्म. प्रत्येक थराचे नमुने लाकडी पेट्यांत लावून ठेवायचे, रिपोर्ट द्यायचा आणि ठरलेली मुदत संपली की पेट्या ट्रकात भरून फेकून द्यायच्या. सत्तावीस वर्षे मी थर वाचून पोट भरले. पण ते थर किती भार पेलतील एवढेच मी त्यांना विचारत होतो. ते कधीचे आहेत, हे विचारायचे मला एकदाही सुचले नाही.

मुलीच्या मेसेजनंतर मात्र मी झपाटल्यासारखा वाचत सुटलो. निवृत्ती जवळ आली होती, कामाचा ताण कमी झाला होता. उन्हाळा सरल्यावर सौ.ला घेऊन तीन-चारदा तिकडे जाऊनही आलो.

शारजाहून पूर्वेला साधारण पन्नास किलोमीटरवर मलीहा आहे. तिथे सपाट वाळूतून उत्तर-दक्षिण अशी डोंगरांची एक रांग वर आली आहे. आपण ज्याला 'फॉसिल रॉक' म्हणतो तो जबल मलीहा, त्याच्याजवळ जबल फाया आणि दक्षिणेला जबल बुहैस. हे डोंगर चुनखडीचे. त्यांच्या अंगात शंख, शिंपले, सी अर्चिन आणि रुडिस्ट नावाचे, आता पृथ्वीवरून नाहीसे झालेले शिंपले अडकलेले दिसतात. साधारण सात कोटी वर्षांपूर्वी हा उथळ समुद्राचा तळ होता. आपल्या सह्याद्रीचा काळा दगड ज्या लाव्हाचा झाला तो बाहेर पडला साधारण साडेसहा-पावणेसात कोटी वर्षांपूर्वी. म्हणजे पृथ्वीच्या हिशेबात शिवनेरी आणि फाया हे जवळजवळ समवयस्क! एक आगीतून आला, दुसरा पाण्यातून. हे वाचले तेव्हा मला उगाचच बरे वाटले.

पण खरी गोष्ट डोंगराच्या पायथ्याशी आहे. जबल फायाच्या ईशान्य टोकाला कड्याखाली एक आडोसा आहे. गुहा म्हणण्याइतका खोल नाही, आपल्याकडे गुराखी पावसात उभे राहतात तशी कपार. शारजाचे पुरातत्त्व खाते आणि जर्मनीतले ट्युबिंगेन विद्यापीठ यांनी तिथे २००३ पासून काही वर्षे उत्खनन केले. सबाह जासिम आणि हान्स-पीटर उअरपमान ही त्यातली प्रमुख नावे. वाळूचे आणि दगडांचे एकावर एक थर निघत गेले आणि त्यांत चकमकीच्या दगडाची हत्यारे मिळत गेली. सर्वांत वर दहा हजार वर्षांच्या आसपासची, त्याखाली सुमारे चाळीस हजार वर्षांपूर्वीची आणि आणखी खाली सव्वा लाख वर्षांपूर्वीची. त्याच आडोशाच्या पुढच्या अभ्यासावर २०२२ मध्ये जो निबंध आला, त्याने माणसाचा तिथला वावर दोन लाख दहा हजार वर्षांपर्यंत मागे नेला. २०२५ च्या सुरुवातीला ऐंशी हजार वर्षांपूर्वीच्या आणखी एका वस्तीचा पुरावा जाहीर झाला. आफ्रिकेतून निघालेला माणूस जगभर कसा पसरला, या प्रश्नात या कपारीने मोठी खळबळ उडवली. इतक्या जुन्या थरांत माणसाचे हाड मात्र एकही मिळालेले नाही, फक्त हत्यारे. त्यामुळे ती नेमकी कोणत्या माणसाची, यावर विद्वानांचे वाद आहेत. ते त्यांना करू देत.

माझ्यासारख्या माती तपासणाऱ्याला पडलेला प्रश्न वेगळा होता. वाळूचे वय काढतात तरी कसे? लाकूड, कोळसा असेल तर कार्बनवरून काढता येते, तेही पन्नासएक हजार वर्षांपर्यंतच. नुसत्या वाळूचे काय?

याचे उत्तर वाचले आणि मी खरोखर थक्क झालो. वाळूचा कण म्हणजे बहुधा क्वार्ट्झ, आपली गारगोटी. तो जमिनीखाली गाडला गेला की आजूबाजूच्या मातीतल्या युरेनियम, थोरियम, पोटॅशियमच्या अगदी सूक्ष्म किरणोत्साराचा मारा त्याच्यावर चालू राहतो. त्याने सुटे झालेले इलेक्ट्रॉन कणाच्या स्फटिकातल्या बारीकसारीक दोषांत अडकून पडतात. जितकी वर्षे अंधारात, तितके अडकलेले इलेक्ट्रॉन जास्त. तोच कण उन्हात आला की थोड्याच वेळात सगळे मोकळे होतात आणि पाटी कोरी होते. प्रयोगशाळेत अशा कणावर ठरावीक रंगाचा प्रकाश टाकला की तो स्वतः किंचित चमकतो. ती चमक मोजायची, त्या मातीत दरवर्षी किती मारा होतो ते मोजायचे आणि भागाकार करायचा. उत्तर येते ते हे, की या कणाने सूर्य शेवटचा कधी पाहिला!

मंडळी, जरा विचार करा. सकाळी गाडीच्या काचेवरून आपण फडक्याने पुसतो ती ही वाळू. तिच्या प्रत्येक कणाला आपला शेवटचा उजेडाचा दिवस आठवत असतो.

नमुना घेण्याची पद्धतही ऐकण्यासारखी आहे. पोलादी नळी थरात ठोकायची, बाहेर काढताच दोन्ही तोंडे काळ्या प्लॅस्टिकने बंद करायची आणि प्रयोगशाळेत जुन्या फोटो स्टुडिओतल्यासारख्या मंद लाल दिव्यात उघडायची. चुकून ऊन लागले तर लाख वर्षांची आठवण गेली. आम्हीही नळ्याच ठोकत होतो! फक्त काढल्या की उन्हात उघडून टेबलावर मांडत होतो.

आता त्या थरांमधला मला सर्वांत भिडलेला भाग. हत्यारांच्या दोन थरांमध्ये नुसत्या वाळूचे थर आहेत, माणसाची काहीही खूण नसलेले. याचे कारण पाऊस. आपला नैऋत्य मोसमी वारा काही काळांत आजच्यापेक्षा बराच उत्तरेला सरकत असे आणि अरबस्तानात पाऊस पडून गवत, झरे, तळी होत. ('मोसम' हा शब्द अरबीच, 'मौसिम'. शब्द इथून तिकडे आला आणि पाऊस मात्र तिकडेच राहिला!) ओल असली की प्राणी येत, त्यांच्यामागे माणूस येई. डोंगरात चकमक होती, सावली होती, जवळ पाणी होते. पाऊस सरकला की माणूस जाई, आणि वर वाळू साचत राही. सुमारे चाळीस हजार वर्षांपूर्वीच्या हत्यारांनंतर तर फार मोठी पोकळी आहे. पुन्हा माणसाची खूण दिसते ती जवळजवळ तीस हजार वर्षांनी. अर्थात नियम सरसकट नाही. २०२२ च्या निबंधानुसार कोरड्या समजल्या जाणाऱ्या काळातही काही लोक इथे येऊन राहिले होते. चिवट मंडळी सगळीकडे असतातच.

हे वाचताना मला २००९ ची मंदी आठवली. आमच्या एका मजल्यावरची चार कुटुंबे तीन महिन्यांत गेली. कोणी फ्रिज दिला, कोणी तुळशीची कुंडी. त्या वर्षी गणपतीत आरतीला टाळ वाजवायला माणसे कमी पडली होती. मग २०२० साल आले, त्याबद्दल काय लिहायचे! आपली ही वस्ती अशीच आहे. पाऊस असेपर्यंत राहणारी. कितीही वर्षे झाली तरी व्हिसा संपला की निघायचे, हे आल्या दिवसापासून ठाऊक असलेली.

आणि आता जबल बुहैस. फायाच्या दक्षिणेला असलेल्या या डोंगराच्या पायथ्याशी इसवी सनापूर्वी पाचव्या सहस्रकातली एक मोठी दफनभूमी सापडली. पाचशेहून अधिक माणसांचे अवशेष तिथे निघाले. ही माणसे मेंढ्या, शेळ्या, गाई पाळणारी. तिथे तेव्हा झरा होता. अंगावर शिंपल्यांच्या आणि दगडी मण्यांच्या माळा होत्या; काहींजवळ मोतीसुद्धा मिळाले. म्हणजे समुद्राशी त्यांचा संबंध होता. वर्षातला काही काळ किनाऱ्यावर, काही काळ डोंगरात आणि काही काळ या झऱ्यापाशी, असे त्यांचे फिरते जीवन असावे असे उत्खनन करणारे मानतात. काही सांगाडे जसे पुरले तसे आहेत. पण काही ठिकाणी नुसती हाडे गोळा करून पुरलेली आहेत. त्याचा अर्थ असा लावला गेला की जे लोक दूर कुठेतरी वारले, त्यांची हाडे नंतर इथे आणून आपल्या माणसांजवळ ठेवली.

हे वाचून मी पुस्तक मिटले आणि बराच वेळ गॅलरीत जाऊन बसलो. मंडळाच्या कामात ज्यांनी हात घातला आहे त्यांना सांगायला नको. २००६ साली आमच्या साइटवरचा सांगोल्याकडचा एक सुतार झोपेतच गेला. वय एकोणचाळीस. मृत्यूचा दाखला, पासपोर्ट रद्द करणे, दूतावासाचा कागद, विमानाच्या कार्गोची वेळ, हे सगळे करताना मी आणि मंडळाचे दोघे जण तीन दिवस धावत होतो. घरच्यांचे एकच म्हणणे होते, "कसंही करून त्याला गावी पाठवा." पेटी विमानात चढली तेव्हा पहाटेचे चार वाजले होते. त्या वेळी वाटले होते की हे दुःख आपल्यासारख्या परदेशात पोट भरायला आलेल्यांचेच. साडेसहा हजार वर्षांपूर्वी याच मातीत कोणीतरी आपल्या माणसाची हाडे पाठीवर घेऊन झऱ्यापर्यंत चालत आले होते.

पुढे तो झरा आटला. त्यानंतरच्या सुमारे हजार वर्षांत इथल्या आतल्या भागात माणसाच्या खुणा इतक्या कमी मिळतात की उअरपमान यांनी त्या काळाला 'अंधारे सहस्रक' असे नाव दिले.

मलीहाचा पुढचा इतिहास मी थोडक्यात सांगतो, कारण तिथल्या संग्रहालयात तो छान मांडला आहे. २०१६ साली हे केंद्र सुरू झाले. त्याच्या आवारातच चार हजारांहून अधिक वर्षांपूर्वीचे गोल दगडी थडगे आहे. हा उम्म अन-नार काळ, म्हणजे सिंधू संस्कृतीशी इथला व्यापार चालू होता तो काळ. उम्म अल क्वैनच्या हद्दीजवळच्या तल अब्रकला तर हडप्पाच्या मापाचे वजनसुद्धा मिळाले आहे. गुजराती व्यापारी इथे नवे नाहीत, असे आमचे शेजारी मेहताभाईंच्या तोंडावर म्हणतात ते उगाच नाही! पुढे इसवी सनाच्या आगेमागे मलीहा हे भरभराटीचे गाव होते. मडक्यात ठेवलेली ४०९ चांदीची नाणी, सोन्याचा साज घातलेल्या घोड्याचे दफन, उंटांची दफने, सगळे पाहण्यासारखे आहे. आमच्या नाणेघाटातून सातवाहनांच्या काळात माल उतरून कोकणातल्या बंदरांकडे जात होता, तेव्हा इथे हे गाव जागे होते.

जुन्नरचा विषय निघालाच आहे तर एक कबुलीही देऊन टाकतो. हे सगळे वाचताना मला एका लेखात 'बोरी' हे नाव दिसले. बोरी बुद्रुक, तालुका जुन्नर, कुकडी नदीचा काठ. मी तिथे लहानपणी मामांबरोबर लग्नाला गेलो आहे, नदीत पाय सोडून बसलो आहे. त्या काठाच्या मातीत ज्वालामुखीच्या राखेचा थर आहे आणि तिथे अश्मयुगीन हत्यारे मिळाली आहेत. पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या संशोधकांनी १९८० च्या दशकात त्यावर काम केले. ही राख सह्याद्रीतली नव्हे, थेट इंडोनेशियातल्या टोबा ज्वालामुखीतून उडत आलेली. सुमारे चौऱ्याहत्तर हजार वर्षांपूर्वी झालेल्या महास्फोटाचीच ती, असे अनेक जण मानतात; ती त्याहून पुष्कळ जुनी आहे, असे मानणारेही आहेत. म्हणजे ज्या गावाच्या नावाने मी मुलीचे चित्र पुसले, त्या गावाच्या मातीबद्दलही मला शिवाजी महाराजांच्या जन्मापलीकडे, १६३० च्या पलीकडे, काही ठाऊक नव्हते!

हे सगळे मी मुलीला फोनवर सांगितले. ती आता पुण्यात नोकरी करते. मी विचारले, "तिकडे लोक तुला गाव विचारतात तेव्हा काय सांगतेस?" म्हणाली, "शारजा सांगते. मग ते म्हणतात, नाही गं, मूळ गाव? मग जुन्नर सांगते. मग ते म्हणतात, जुन्नरला कोणतं घर? मग मी गप्प बसते." मी तिला त्या चित्राबद्दल विचारले. मला वाटले होते विसरली असेल. तिला मी काढलेली दोन झाडेसुद्धा आठवत होती. "बाबा, शिवनेरीला तुम्ही नारळाची झाडं काढली होती," म्हणाली. मी तिची माफी मागितली. ती हसली आणि विषय बदलला.

येत्या मार्चमध्ये आमचा इथला मुक्काम संपतो. सामान बांधायला घेतले आहे. त्याआधी जानेवारीत ती दहा दिवसांसाठी येते आहे, आणि तिच्या यादीत पहिले नाव मलीहाचे आहे. ज्यांना जायचे असेल त्यांनी नोव्हेंबर ते फेब्रुवारीत जावे, दुपारी तीननंतर निघावे म्हणजे उतरते ऊन डोंगरावर मिळते. पाणी भरपूर न्यावे, गाडी वाळूत घालू नये (मी एकदा घातली आहे, बाहेर काढायला दोन तास लागले). आणि दगडातले शंख-शिंपले पाहावेत, फोटो काढावेत, पण उचलून आणू नयेत. आमच्या घरात टीव्हीशेजारी असा एक शंख २००४ पासून होता. मागच्या शुक्रवारी तो आम्ही नेऊन परत ठेवला. नेमकी जागा आठवेना, तेव्हा सौ.ने डोंगराच्या पायथ्याशी, सावलीत ठेवला.